आरशातला भाऊबंद

आज तालुक्याच्या ऑफिसात सही करायला वाकलो, तर समोरच्या माणसाने माझ्या बाहीकडे बघितलं आणि हळूच खुर्ची मागे सरकवली. कोपरापासून मनगटापर्यंत पांढरा ओघळ. इस्त्रीचा शर्ट होता हो! बाइक काढताना आरशाला कोपर घासलं असणार. आणि हे करणारा कोण, तर बोटाएवढा शिंजीर पक्षी, दहा ग्रॅमसुद्धा भरायचा नाही.

गेले बारा दिवस हा माझ्या बाइकच्या आरशाला चोची मारतोय. विणीचा हंगाम, अंगावर जांभळा-काळा चकचकीत रंग चढलाय, त्यामुळे आरशातला नर आपल्या हद्दीत घुसलाय अशी याची पक्की समजूत. सकाळी साडेसहाला सुरू. टकटक, फडफड, मग आरशावर बसून शिटणार, परत टकटक.

शेजारचे तात्या चहाचा कप घेऊन रोज गडग्याशी हजर.

"भाऊबंदकी आहे रे ही."

"तात्या, तो स्वतःशीच भांडतोय."

"मग मी आणि अण्णा वेगळं काय करतो? तेच नाक, तेच टक्कल. दीड हात बांधासाठी सव्वीस वर्षं केस चालू आहे."

"निदान कुणाचा आरसा तरी खराब होत नाही त्यात."

"वकिलाचा बंगला झाला ना पण!" चहा संपवून म्हणाले, "तू स्टे आण. मोजा घाल आरशाला."

पोराचा मोजा डाव्या आरशाला चढवला, हा उजव्यावर. तिथेही चढवला, तर पडवीच्या खिडकीची काच. तात्या म्हणाले, "अपिलात गेला."

आणि त्याची बायको? पडवीतल्या वायरला कोळ्याची जाळी, सालपटं लावून एकटीने घरटं लटकवलंन, अंड्यांवर बसतेही तीच. आई जळमटं काढू देत नाही, "तिला लागतात" म्हणते, त्यामुळे पाहुण्यांसमोर घर भूतबंगला. शहरातल्या मित्रांना फोटो पाठवला तर म्हणे, लकी आहेस यार! लकी काय, या ना मग, रोज सकाळी फडकं घेऊन बाइक पुसा. मी दोन शर्ट घालवलेत, त्याचं कुणाला काही नाही.

आत्ताच तात्यांची गडग्यावरून हाक आली. मोजे जास्तीचे आहेत का विचारतायत, दुपारी अण्णा येणार आहेत.