'बीपीला कसली आलीये स्टोरी?' अहो, होती!

'बूगी नाइट्स' या बीपीच्या, म्हणजे ब्लू फिल्मच्या, धंद्यावरच्या हॉलिवूड पिक्चरवर चर्चा निघाली की एक फॉरवर्ड हमखास येतं. त्या पिक्चरमधल्या बीपीचा हिरो, तो पिस्तूलवाला डिटेक्टिव्ह ब्रॉक लँडर्स म्हणे डायरेक्टरच्या डोक्यातली टिंगल, खऱ्या बीपीला स्टोरी नसायचीच, सगळं सुरू झालं 1972 च्या 'डीप थ्रोट'पासून, आणि तेव्हा अमेरिकेत सगळं कायदेशीर. काय काय एका दमात ठोकून दिलंय!

ब्रॉक लँडर्स आकाशातून पडला नाही, तो सरळसरळ जॉनी वॉडवरून, म्हणजे खऱ्याखुऱ्या बीपींच्या मालिकेतल्या डिटेक्टिव्हवरून, घेतलाय. डायरेक्टर बॉब चिन, हिरो जॉन होम्स, आणि पहिला पिक्चर 1971 चा, म्हणजे 'डीप थ्रोट'च्या आधीचा, त्यामुळे तो मुद्दा तिथेच निकालात. होम्स आला होता क्रूमध्ये काहीतरी काम मिळतंय का बघायला, आणि चिनने स्क्रिप्ट लिहिली ती पत्राच्या एका पाकिटाच्या मागच्या बाजूला. आता एवढ्याशा जागेत मावणारी स्टोरी म्हणजे काय असणार ते तुम्हीच समजा, पण स्टोरी होती ना! नंतर तर हौस वाढतच गेली, 1977 च्या 'द जेड पुसीकॅट'मध्ये सगळे एका जेडच्या मूर्तीमागे धावतात, 'द माल्टीज फाल्कन' हा हॉलिवूडचा जुना डिटेक्टिव्ह पिक्चर पाहिलेल्याला लगेच कळतं कुठून उचललंय, आणि 1978 च्या 'चायना कॅट'मध्ये टीव्हीवरच्या 'चार्लीज एंजल्स'ची उडवलीये.

डिटेक्टिव्हच का, तर माझ्या मते निव्वळ स्वस्त पडतं म्हणून. एक माणूस, एक जॅकेट, केसच्या नावाखाली कुणाचंही दार वाजवता येतं आणि दार उघडलं की पुढचा सीन तयार, सेट-बिट काही लागत नाही.

आणि स्टोरीचा कोर्टातही उपयोग होता, हे फॉरवर्डवाल्यांना माहीतच नसतं. 1973 च्या मिलर खटल्यात अमेरिकेच्या सुप्रीम कोर्टाने अश्लीलतेची जी कसोटी घालून दिली त्यात कलाकृतीला काही गंभीर साहित्यिक किंवा कलात्मक मूल्य आहे का हेही बघायचं होतं, मग थोडा प्लॉट असलेला बराच की.

राहिलं कायदेशीरचं. कॅलिफोर्नियात पैसे देऊन असे सीन करून घेणाऱ्यावर वेश्याव्यवसायासाठी माणसं पुरवल्याचा गुन्हा लागू शकायचा, तो प्रश्न सुटला तिथल्याच सुप्रीम कोर्टाच्या 1988 च्या फ्रीमन निकालात. म्हणजे जॉनी वॉडच्या त्या सगळ्या केसेस चालू असताना खरे पोलीस कधीही दारात येऊ शकत होते.

होम्सची अॅक्टिंग मात्र लाकडी, तेवढं मान्य.