आमसूल निर्दोष आहे : बोटांच्या सांध्यांवरच्या एका फॉरवर्डला उत्तर

चतुर्थी जवळ आली, घरोघरी नारळ खोवणे आणि नेवऱ्या सुरू झाल्या, बायकांचे हात दुखू लागले की गोव्यातल्या घरगुती ग्रुपांवर एक मजकूर हमखास उगवतो. त्याचे म्हणणे असे : बोटे मोडल्याने संधिवात होतो. बोटांचे सांधे सुजले म्हणजे युरिक ॲसिड वाढले, तेव्हा आमसूल, टोमॅटो, सोलकढी बंद. अडकलेले बोट गरम तेल लावून झटक्यात ओढा, बांबोळीला, म्हणजे गोव्याच्या सरकारी मोठ्या इस्पितळात, जायची गरज नाही. आणि ॲलोपॅथीच्या गोळ्या मूत्रपिंड खातात, त्यापेक्षा अमुक चूर्ण घ्या.

बोटे मोडण्याचे लवकर आटोपते. तो आवाज हाडावर हाड घासल्याचा नसतो. सांधा ताणला की आतल्या द्रवाचा दाब घटतो आणि त्यात वायूची पोकळी तयार होते. २०१५ साली कॅनडातल्या संशोधकांनी एमआरआयवर हे घडताना टिपले. डोनाल्ड अंगर या अमेरिकी डॉक्टरांनी तर सुमारे ६० वर्षे फक्त डाव्या हाताची बोटे मोडली. संधिवात दोन्ही हातांत नाही, आणि २००९ साली इग नोबेल, म्हणजे आधी हसवणाऱ्या आणि मग विचार करायला लावणाऱ्या संशोधनाचा गमतीदार पुरस्कार, मात्र मिळाला. एका माणसाचा प्रयोग म्हणजे पुरावा नव्हे, हे कबूल. पण मोडणाऱ्या-न मोडणाऱ्यांची तुलना करणाऱ्या अभ्यासांतही संधिवाताशी संबंध दिसलेला नाही. मोडताना दुखत असेल तर तपासून घ्यावे, एवढेच.

युरिक ॲसिडचा मुद्दा जास्त नुकसान करतो, कारण तो सगळ्या दुखण्यांना एकच नाव देतो. खरे तर कोणता सांधा दुखतो, यातच निम्मे निदान असते. नखाजवळच्या सांध्यावर टणक गाठी आल्या, अंगठ्याच्या मुळाशी बरणीचे झाकण फिरवताना कळ येते, वय पन्नाशीपुढचे, आईलाही तसेच होते : ही बहुधा झीज. मुठीची हाडे आणि बोटांचे मधले सांधे दोन्ही हातांत सुजले, सकाळी तासभर मूठ वळत नाही : आमवाताचा, म्हणजे शरीराची प्रतिकारशक्ती स्वतःच्याच सांध्यांवर उलटते त्या आजाराचा, संशय घ्यावा. नखांवर खड्डे आणि अख्खे बोट फुगलेले : सोरायसिस या त्वचारोगाचा संधिवात असू शकतो. तापानंतर सगळेच सांधे धरले तर चिकुनगुनिया आठवावा. युरिक ॲसिडचे स्फटिक सांध्यात साचून होणारा गाऊट बोटांत होतो, पण बहुतेकदा सुरुवात पायाच्या अंगठ्यापासून, एका रात्रीत, चादरही सहन होणार नाही अशा वेदनेने होते. रक्तात युरिक ॲसिड थोडे जास्त दिसले म्हणजे गाऊट झाला, असेही नाही.

ज्यांना गाऊट आहे त्यांनी बिअर, लाल मांस, तारले मासे, तिसऱ्या (शिंपल्या) यांना आवर घालावा. पण या मजकुरात बिअरचे नावच नाही! दोषी ठरले ते बिचारे आमसूल. आंबट चवीचा आणि युरिक ॲसिडचा संबंध नावापुरता.

आता 'ओढा'. मिटलेले बोट सकाळी उघडताना खटकन अडकते, ते सांध्याचे दुखणेच नव्हे. बोट वाकवणारा स्नायुबंध, म्हणजे स्नायूला हाडाशी जोडणारी दोरी, तळव्यात एका पट्ट्याखालून सरकतो. तो तिथे जाड झाला की सुईच्या नेढ्यात अडकलेल्या गाठीसारखा अडतो. मधुमेहींत हे जास्त दिसते. विश्रांती, रात्री पट्टी, स्टिरॉइडचे एक इंजेक्शन. नाहीच जमले तर जागा बधिर करून छोटी शस्त्रक्रिया. ओढून काही सुटत नाही, सूज वाढते.

मार लागलेले बोट ओढणे तर धोक्याचेच. क्रिकेटचा चेंडू बोटाच्या टोकावर बसतो आणि नखाकडचे पेर खाली लोंबते, वर होतच नाही. इथे वरचा स्नायुबंध तुटलेला असतो, कधी हाडाचा कपचाही निघतो. एक्स-रे काढावा. मग ६ ते ८ आठवडे पेर अखंड सरळ ठेवणारी पट्टी. आंघोळीलाही वाकू द्यायचे नाही. एकदा वाकले तर सहसा दिवस पुन्हा पहिल्यापासून मोजावे लागतात.

राहिले मूत्रपिंड. यात अर्धे तथ्य आहे : वेदनाशामक गोळ्या न विचारता महिनोन्महिने घेतल्या तर मूत्रपिंड आणि पोट दोन्हींना त्रास होतो. म्हणूनच झिजेसाठी आधी लावायचे जेल, शेक आणि अंगठ्याला आधारपट्टी सुचवतात. पण 'दोन दिवसांत आराम' देणाऱ्या बिननावाच्या चूर्णांत स्टिरॉइड मिसळलेले सापडले आहे, ते मजकुरात कोण लिहील? आमवातात तर उशीर महाग पडतो, सांधे कायमचे वाकडे होतात. त्यावरचे नेहमीचे औषध मेथोट्रेक्सेट. ते आठवड्यातून एकदाच घ्यायचे असते. चुकून रोज घेतले तर जिवावर बेतते, म्हणून वार ठरवून कॅलेंडरवर खूण करावी आणि सांगितलेल्या रक्ततपासण्या चुकवू नयेत.