शिरोड्याच्या तिठ्यावर दहा मात्रांचं भांडण

"ताल आफ्रिकेचो, सूर युरोपाचे, वाद्यां क्यूबाची. मगे ह्यात तेचा स्वताचा काय?" तात्यांनी लालो शिफ्रिन ह्या हॉलिवूडच्या संगीतकारावर हा प्रश्न टाकला आणि तिठ्यावरची संध्याकाळ तिथेच पेटली.

निमित्त बाबलच्या मोबाईलचं. बाबल गोव्यात हॉटेलांमधून कीबोर्ड वाजवतो आणि कामाला सुट्टी असली की तिठ्यावर येऊन आम्हाला काहीतरी ऐकवतो. त्या दिवशी त्याने लालो शिफ्रिनची 'मिशन इम्पॉसिबल'ची मूळ धून लावली. टॉम क्रूझच्या सिनेमातली नव्हे, १९६६च्या टीव्ही मालिकेतली. शिफ्रिन २६ जून २०२५ला लॉस एंजेलिसला वारला, वय ९३. बाबलचा तो देव. तात्यांचा मात्र असल्या सरमिसळीवर आधीपासूनच राग. दशावतारात पेटी, पखवाज आणि झांज यापलीकडे काही घुसवलं की त्यांचं डोकं फिरतं. चार घरचं मागून आणायचं आणि आपल्या ताटात वाढून म्हणायचं, हा आमचा स्वयंपाक, असं त्यांचं म्हणणं.

बुवा इतका वेळ गप्प होते. आमचे बुवा भजनाला पखवाजावर बसतात. तात्यांचं बोलणं त्यांच्या कानावर पडतच नव्हतं. त्यांची बोटं मांडीवर चालली होती.

"थांब, परत लाव. माका मात्रा मोजूक दे."

बाबलने परत लावली. मूळ वेगात मोजणं अवघड, म्हणून मग वेग अर्ध्यावर आणला. बुवांनी मोजलं, एकदा, दोनदा. "दहाच आसत. पण झपताल नाय हो."

इथून पुढे जे झालं त्यासाठी तरी हे लिहून ठेवायला हवं. झपतालाच्या दहा मात्रा दोन-तीन-दोन-तीन अशा पडतात. धी ना, धी धी ना, ती ना, धी धी ना. शिफ्रिनने त्याच दहा मात्रा तीन-तीन-दोन-दोन अशा पाडल्यात. दोन लांब ठोके, मग दोन आखूड. बुवांनी धून चालू ठेवून मांडीवर झपतालाचा ठेका धरला. झपतालाचे विभाग पहिल्या, तिसऱ्या, सहाव्या आणि आठव्या मात्रेवर सुरू होतात. धुनेचे ठोके पहिल्या, चौथ्या, सातव्या आणि नवव्या मात्रेवर. म्हणजे दोघांची गाठ फक्त समेवर, पहिल्या मात्रेवर. मधल्या नऊ मात्रांत एकाचा ठोका दुसऱ्याच्या ठोक्यावर एकदाही पडत नाही, आणि तरी दर दहाव्यानंतर दोघे बरोबर एका जागी येऊन उभे राहतात. बुवांनी सहा-सात आवर्तनं तशी काढली. वडापाव घ्यायला थांबलेली दोन पोरंसुद्धा सरकून जवळ आली. कुणाला पटत नसेल तर त्याने घरी टाळी देऊन करून पाहावं, हे ऐकण्यापेक्षा हाताने केल्यावर जास्त कळतं.

बाबलने आणखी एक गोष्ट सांगितली. मोर्स कोडमध्ये एम म्हणजे दोन लांब आणि आय म्हणजे दोन आखूड. मालिकेच्या नावाची इंग्रजी आद्याक्षरं तीच. लोक हे मोठ्या कौतुकाने सांगतात. मला त्यात फार रस वाटला नाही. आद्याक्षरं बसली म्हणून धून चांगली होत नाही. तीनची दोन पावलं टाकून माणूस जरा सैल होतो न होतो तोच दोनची दोन पावलं येतात आणि त्याला पुढे ढकलतात. श्वास घ्यायला जागाच ठेवलेली नाही. काडेपेटीची काडी ओढून वात पेटते, ती जळत जाते आणि वर हे दहा मात्रांचं ढकलणं चालू. मालिकेच्या सुरुवातीला चित्र एवढंच आहे.

तात्या हटणारे नव्हते. दहा म्हणजे पाचाचीच दुप्पट, आणि पाचाचा ताल जॅझमध्ये ह्याच्या आधीच येऊन गेलेला, मग ह्याने नवीन काय केलं? प्रश्न रास्त होता. डेव्ह ब्रुबेक ह्या जॅझवाल्याच्या चौकडीने 'टेक फाइव्ह' १९५९ सालीच वाजवून ठेवलं होतं. बाबल म्हणाला, पण ते झुलतं. ऐकताना माणूस खुर्चीत मागे रेलतो. ह्याच्यात रेलता येत नाही. मात्रा त्याच असल्या तरी आत वजन कुठे टाकायचं हे प्रत्येकाचं वेगळं, आणि संगीतकाराचं 'स्वतःचं' तिथेच दिसतं.

मग १९९६चा विषय निघाला आणि बुवा खरे तापले. सिनेमा आला तेव्हा यूटू बँडच्या लॅरी मलन आणि अ‍ॅडम क्लेटन यांनी तीच धून नव्याने केली आणि डान्स फ्लोअरवर चालावी म्हणून पाचाची सरळ चाराची करून टाकली. बाबलने तीही लावली. ती गाजली होती, लोक त्यावर नाचले होते, हे खरं. पण एकदा मूळ कानात बसल्यावर ही ऐकली की पायरी चुकल्यासारखी वाटते. बुवा एवढंच म्हणाले, "मात्रा काढून घेतली, मगे रवला काय?" ह्या एका बाबतीत तात्या आणि बुवा एका बाजूला आले. मी बुवांच्याच बाजूचा.

आता तात्यांच्या मूळ प्रश्नाकडे, की ह्याचं स्वतःचं मूळ कुठलं. बाबलकडे ह्याचं उत्तर तयार होतं, आणि माझ्या मते सगळ्या वादाचं वजन इथेच आहे. शिफ्रिन जन्मला ब्यूनोस आयर्सला, १९३२ साली. वडील तेआत्रो कोलोन ह्या ऑपेरागृहाच्या वाद्यवृंदात व्हायोलिन वाजवायचे. पोराने सहाव्या वर्षी पियानो शिकायला सुरुवात केली ती एनरिके बारेनबॉइम यांच्याकडे, म्हणजे पुढे जगभर नाव झालेल्या डॅनिएल बारेनबॉइमच्या वडिलांकडे. पुढे शिष्यवृत्तीवर पॅरिसला गेला, तिथे दिवसा ऑलिव्हिए मेसिआँ ह्या फ्रेंच संगीतकाराच्या वर्गात बसायचा आणि रात्री क्लबात जॅझ वाजवायचा. तिथेच तो आस्तोर पियाझोलाबरोबर, म्हणजे ज्याने टँगोचं रूपच पालटलं त्याच्याबरोबर वाजवून आला. परत जाऊन मायदेशात बिग बँड, म्हणजे मोठा जॅझ ताफा उभा केला. १९५६ला अमेरिकी जॅझ ट्रम्पेटवाला डिझी गिलेस्पी दौऱ्यावर तिथे आला, त्याने हा बँड ऐकला आणि म्हणाला, अमेरिकेला ये. १९६०मध्ये शिफ्रिन त्याच्याच पाच जणांच्या ताफ्यात पियानोवर बसला आणि त्याच्यासाठी 'गिलेस्पियाना' नावाची पाच भागांची रचना लिहिली. त्यातल्या एका भागाचं नाव ब्लूज, एकाचं पॅनअमेरिकाना, एकाचं आफ्रिकाना, आणि शेवटचा टोकाटा, हा तर जुन्या युरोपी घाटाचा. हॉलिवूडला तो गेला त्यानंतर, १९६३च्या सुमारास.

म्हणजे त्याने उचलून आणलेलं काही नाही. प्रत्येक ठिकाणी तो शिकायला बसलाय, ज्यांच्याकडून शिकला ते त्या त्या दारातले पहिल्या पंगतीचे लोक. वीस-पंचवीस वर्षं हे अंगात मुरल्यावर सिनेमा हाती आला. आज लॅपटॉपवर आफ्रिकी ढोलाचा तयार तुकडा, खाली सतारीचा तुकडा, वर सॅक्सोफोन असं जोडून 'वर्ल्ड म्युझिक' करतात, त्याला तात्यांनी खुशाल शिव्या द्याव्यात, मीही देईन. पण दोन्ही एका तराजूत घालू नयेत.

बाबलने इथे बुवांनाही सोडलं नाही. "बुवानू, तुमी गजराक सिनेमाची चाल लावतास, ती काय?" डबलबारीत, म्हणजे दोन बुवांच्या भजनाच्या सामन्यात, हे सर्रास चालतं, लोकांना आवडतं, तात्यांना अजिबात नाही. बुवा चिडतील असं वाटलं होतं. ते शांतपणे म्हणाले, "चाल खयचीय असांदे, ती खय घालूची आणि खय थांबवची ता माका कळता."

कुठे थांबवायची. ह्यावर बाबलने शेवटचा पत्ता टाकला. 'बुलिट' हा सिनेमा, १९६८. स्टीव्ह मॅक्वीन, सॅन फ्रान्सिस्कोचे चढउतार आणि गाड्यांचा तो पाठलाग. त्याने तो प्रसंगच मोबाईलवर लावला आणि सगळे डोकी एकत्र करून बघायला लागलो. आधी पाठलाग होतच नाही. दोन गाड्या एकमेकींना जोखत गल्ल्यांतून सावकाश फिरतात आणि त्याखाली शिफ्रिनचं संगीत हळूहळू आवळत जातं. बास, तालवाद्यं, मग वरून ब्रास, म्हणजे ट्रम्पेटसारखी पितळी वाद्यं. मग पुढच्या गाडीतला माणूस अ‍ॅक्सिलरेटर दाबतो, टायर किंचाळतात, आणि त्या क्षणी संगीत बंद. पुढे सगळा पाठलाग नुसत्या इंजिनांच्या आवाजावर. एकही वाद्य नाही. जगातल्या कुठल्याही संगीतकाराला तिथे धूमधडाका वाजवावासा वाटला असता. दशावतारात राक्षस रंगमंचावर येण्याच्या आधी पखवाज कसा चढतो आणि तो आला की क्षणभर कसा तुटतो, हे तात्यांनी जन्मभर बघितलंय. त्यांनी तो प्रसंग दुसऱ्यांदा लावायला सांगितला. शिफ्रिन मोठा, हे त्यांनी तिथे मान्य केलं. 'बरो आसा' एवढ्याच शब्दांत, पण केलं.

सहा वेळा ऑस्करचं नामांकन होऊनही स्पर्धेत शिफ्रिनला ते कधी मिळालं नाही. २०१८ला मानद ऑस्कर दिलं, क्लिंट ईस्टवूडच्या हस्ते. ह्याच ईस्टवूडच्या 'डर्टी हॅरी'ला त्याने १९७१मध्ये संगीत दिलं होतं. 'एक्झॉर्सिस्ट'साठी केलेलं काम दिग्दर्शक विल्यम फ्रीडकिनने नाकारलं. हेही त्याच कारकिर्दीत येतं.

पण बाबलच्या डोक्यात वेगळंच शिजत होतं. तो म्हणाला, हा माणूस आपला वाद्यमेळ आपल्या हाताने कागदावर लिहायचा, आणि त्यावर त्याचंच नाव यायचं. आमच्या बाजूच्या माणसांचं काय? बाजूच्या म्हणजे तेरेखोल नदी ओलांडली की सुरू होणाऱ्या गोव्याच्या. पोर्तुगीज काळात तिथल्या चर्चच्या शाळांमधून मेस्त, म्हणजे संगीताचे मास्तर, पोरांना स्वरलेखन आणि व्हायोलिन शिकवायचे. ती पोरं कागदावरचं संगीत वाचू-लिहू शकायची, म्हणून मुंबईच्या सिनेमाला हवी होती. हळदोण्याचा ट्रम्पेटवाला चिक चॉकलेट, खरं नाव अँतोनियो झेवियर वाझ, सी. रामचंद्रांबरोबर काम करायचा. हिंदी गाण्यांत जॅझ आला त्यात त्याचा हात केवढा! माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस हे लक्ष्मीकांत-प्यारेलालमधल्या प्यारेलालांचे व्हायोलिनचे गुरू. त्यांनी १९५८ला राग आणि पाश्चात्त्य वाद्यवृंद एकत्र आणून मुंबईत कार्यक्रम केला. त्यांचं नाव आज लोकांना ठाऊक आहे ते एका गमतीच्या गाण्यामुळे. सेबॅस्टियन डिसोझांनी शंकर-जयकिशनसाठी व्हायोलिनांचे जे थवे लिहिले, ते ऐकताना आपण नाव घेतो ते शंकर-जयकिशनचंच.

तात्यांचा पारा पुन्हा चढला. चाल कुणाची? पुणतांब्याच्या रामचंद्र चितळकरांची, म्हणजे सी. रामचंद्रांची. चालच नसती तर ट्रम्पेटने काय फुंकलं असतं? बाबल म्हणाला, आणि ट्रम्पेट नसता तर ते गाणं तुमच्या लक्षात राहिलं असतं काय? आवाज इतका चढला की समोरचा दुकानदार बाहेर येऊन बघून गेला.

माझं मत मी तिथे सांगितलं आणि इथेही सांगतो. चाल रामचंद्रांची, ह्यात वाद नाही, आणि ते स्वतः जॅझ ओळखणारे होते म्हणून तर त्यांनी चिक चॉकलेटला जवळ केलं. पण जुन्या तबकडीवर गायकाचं नाव असायचं, सिनेमाचं असायचं, संगीतकाराचं असायचं, आणि ज्याने पन्नास वाद्यांची पन्नास पानं रात्रभर जागून लिहिली त्याचं सहसा नसायचं. शिफ्रिनची कारकीर्द आपण सालवार सांगू शकतो, कारण त्याच्या कामावर त्याची सही आहे. शिरोड्याहून तास-दोन तासांवर जन्मलेल्या माणसांची तशी सांगायला गेलो तर तिसऱ्या वाक्यात अडखळतो.

तात्यांना हे अर्धंच पटलं. "नाव लिवूक व्हया होता, ता बरोबर," ते म्हणाले, "पण चाल ती चाल." बाबलने लगेच पुढचं गाणं लावलं, त्यातला ट्रम्पेट नेमका कुठे येतो ते तात्यांना दाखवायला.