जिया झांगके : बंदी कुणावर, कशावर?

“जिया झांगकेवर चीनमध्ये बंदी आहे. परदेशी बक्षिसांसाठी तो चीनची गरिबी विकतो. आणि २००४पासून तो सरकारच्या पंखाखाली गेलाय.” चिनी दिग्दर्शक जिया झांगकेबद्दल सिनेमावाल्या व्हॉट्सॲप ग्रुपांवर हा मजकूर फिरतोय. सरकारच्या पंखाखाली असलेल्या माणसावर सरकारच बंदी कशी घालेल, हे तरी फॉरवर्ड करण्याआधी विचारायला हवं होतं.

बंदीचं म्हणाल तर ‘श्याव वू’, ‘प्लॅटफॉर्म’ आणि ‘अननोन प्लेझर्स’ हे पहिले तीन चित्रपट सरकारी परवानगीशिवाय झाले, त्यामुळे तेव्हा तिथल्या थिएटरांत लागले नाहीत. ‘अननोन प्लेझर्स’मध्ये तर एक गिऱ्हाईक पायरेटेड डीव्हीडी विकणाऱ्याकडे जियाचेच आधीचे सिनेमे मागतं! पण २००४चा ‘द वर्ल्ड’ रीतसर मंजूर झाला आणि ‘स्टिल लाइफ’पासून ‘कॉट बाय द टाइड्स’पर्यंतचे बरेच चित्रपट चीनमध्ये प्रदर्शित झाले. उलट ‘अ टच ऑफ सिन’ला २०१३मध्ये फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात पटकथेचं पारितोषिक मिळालं, पण मायदेशी तो पडद्यावर आलाच नाही. तिथे दार चित्रपटागणिक उघडतं किंवा बंद होतं.

गरिबी विकण्याचा आरोप सगळ्यात पोकळ. ‘स्टिल लाइफ’ यांगत्से नदीकाठच्या फंगज्ये गावात घडतो. थ्री गॉर्जेस धरणापायी हे जुनं गाव पाडलं जातंय, आणि शान्शी प्रांतातून आलेला एक खाणकामगार तिथे बायकोला शोधतोय. तो दहा युआनची नोट हातात धरून तिच्यावरची दरी समोरच्या दरीशी ताडून पाहतो. नोट रोज ज्यांच्या खिशात असते त्यांना हे दृश्य समजावून सांगावं लागत नाही. व्हेनिस महोत्सवातल्या प्रेक्षकाला लागतं. मग हा सिनेमा परदेशी बक्षिसांसाठी कसा? व्हेनिसचा सर्वोच्च पुरस्कार, गोल्डन लायन, मिळालेला हा चित्रपट २००६च्या डिसेंबरात चीनमध्ये लागला, तोही बडे दिग्दर्शक झांग यिमो यांच्या सोन्याने मढवलेल्या राजवाडापटाच्या समोर. गल्ला कुणाचा भरणार हे उघडच होतं.

पंखाखाली? इथे थोडं थांबावं लागतं. २०१८मध्ये जिया राष्ट्रीय लोकप्रतिनिधी सभेचा, म्हणजे चीनच्या संसदेचा, सदस्य झाला. २००९मध्ये मेलबर्न महोत्सवात चीन सरकारला खुपणाऱ्या उइघुर (चीनमधला मुस्लिम अल्पसंख्य समाज) नेत्या रेबिया कदीर यांच्यावरचा माहितीपट होता, म्हणून त्याने तिथून आपला लघुपट काढून घेतला. त्याबद्दल त्याला जाब विचारा, मी आड येणार नाही. पण हिंसा आणि भ्रष्टाचाराच्या खऱ्या घटनांवर बेतलेला ‘अ टच ऑफ सिन’ही २००४नंतरचाच आहे.