चंदगड तालुका वगळून

सध्या आमच्या बेळगावात एक नवी शिवी निघाली आहे, फुकटे. कर्नाटक सरकारच्या योजना आहेत ना, त्यावरून. बाईच्या खात्यात महिन्याला पडणारे गृहलक्ष्मीचे २००० घेणारी फुकटी, शक्तीच्या मोफत बसनं माहेरी जाणारी फुकटी, अन्नभाग्यचा रेशनचा तांदूळ उचलणारा फुकट्या. शिवी देणारे कुणी परके नाहीत, आपलेच आहेत. टिळकवाडीत नाहीतर हिंदवाडीत घर, महिन्याच्या महिन्याला पेन्शन, सकाळी फिरून आल्यावर कट्ट्यावर चहा आणि चहाबरोबर हा विषय. 'फुकट खायला घालून लोक आळशी केले, शेतात कामाला माणूस मिळेना.' यातल्या कितीतरी जणांची शेती त्यांच्या आज्ज्याला सरकारच्या कागदानं मिळालेली आहे. मला ठाऊक आहे, कारण माझ्याही आज्ज्याला तशीच मिळाली. म्हणून आज जरा लांबण लावतोय. वेळ असेल तर वाचा, नसेल तर चहा प्या.

राज्य पुनर्रचनेचा १९५६ चा कायदा काढा, कलम ७ बघा. मुंबई राज्यातला कोणता मुलूख म्हैसूरला, म्हणजे आताच्या कर्नाटकाला, जाणार त्या यादीत लिहिलंय: चंदगड तालुका वगळून बेळगाव जिल्हा. सीमाभागात वाढलेल्या माणसाला हे वाक्य का दुखतं ते मी सांगायला नको. दर १ नोव्हेंबरचा काळा दिन, सीमावादावरचा महाजन आयोग, महाराष्ट्राचा २००४ पासून सुप्रीम कोर्टात पडून असलेला दावा, सगळं त्यातूनच आलं. पण इतकी वर्षं आपण ते वाक्य भाषेच्या बाजूनंच वाचत आलो. एकदा जमिनीच्या बाजूनं वाचा.

मुंबई राज्यात १९४८ चा कूळकायदा होता. कूळ म्हणजे मालकाची जमीन खंडानं, भाड्यानं, कसणारा. पुढं त्यात दुरुस्ती होऊन तारीख ठरली, १ एप्रिल १९५७. कृषक दिन. त्या दिवशी जो कूळ म्हणून जमीन कसत असेल तो कायद्यानंच तिचा खरेदीदार मानला जाणार. किंमत न्यायाधिकरण ठरवणार, जमिनीच्या आकाराच्या, म्हणजे सरकारी शेतसाऱ्याच्या, कमीत कमी २० पट, जास्तीत जास्त २०० पट, आणि तीही हप्त्यानं फेडायची सोय. कुळाच्या आवाक्यातली गोष्ट होती.

दोन राज्यांमधली रेष पडली १ नोव्हेंबर १९५६ ला. कृषक दिनाला पाच महिने उरले होते. बेळगाव-वेंगुर्ला रस्त्यानं गेलात तर बाची संपतं कुठं आणि शिनोळी सुरू होते कुठं हे नवख्याला कळत नाही. पण चंदगड तालुका मुंबई राज्यात राहिला आणि आम्ही इकडं आलो. १ एप्रिल उजाडला तेव्हा तिकडच्या कुळांना कृषक दिन लागू झाला. इकडं म्हैसूर सरकारनं १९५७ मध्येच कायदा करून मुंबईच्या कूळकायद्यातली ती कलमं स्थगित ठेवली.

कारण वाईट नव्हतं, निदान कागदावर. नव्या राज्यात जुनं म्हैसूर, मुंबई, हैदराबाद, मद्रास आणि कोडगू अशा पाच ठिकाणचा मुलूख आणि पाच तऱ्हेचे कायदे. सगळ्यांना मिळून एकच कायदा करायचा म्हणून बी. डी. जत्तींच्या अध्यक्षतेखाली समिती बसली. हेच जत्ती पुढं उपराष्ट्रपती झाले. समितीचा अहवाल, मग विधेयक, मग १९६१ चा कायदा, आणि तो अमलात आला २ ऑक्टोबर १९६५ ला. त्यातही मालकाला 'स्वतः कसतो' म्हणून जमीन परत मागायच्या इतक्या वाटा ठेवल्या होत्या की कायदा कुळाचा का मालकाचा, हा प्रश्न पडावा.

या मधल्या वर्षांत काय घडलं ते गावातल्या म्हाताऱ्यांना विचारा. 'खुशीचे राजीनामे' झाले. आज ना उद्या कायदा येणार हे मालकाला कळून चुकलं होतं. मग कुळाला वाड्यावर बोलवायचं, चहा पाजायचा, लेकीच्या लग्नाला थोडे पैसे द्यायचे आणि कागदावर अंगठा घ्यायचा की मी माझ्या खुशीनं जमीन सोडतो आहे. दुसऱ्या दिवसापासून तोच माणूस त्याच रानात मजुरीनं. आमच्या आज्ज्याच्या सख्ख्या भावानं असा अंगठा दिला. आज्ज्यानं दिला नाही. तो फार शहाणा होता अशातला भाग नाही. भाताच्या वाटणीवरून मालकाशी त्याचं बोलणं बंद होतं, त्यामुळं तो वाड्याची पायरीच चढत नव्हता. एवढ्या बारक्या गोष्टीवर आमच्या घरादाराचं नशीब फिरलं. भावाच्या बाजूची नातवंडं आज उद्यमबागेत फाउंड्रीत आहेत, काही गोव्यात. मी ही पोस्ट लिहायला मोकळा आहे.

कर्नाटकचे मुख्यमंत्री देवराज अरसांनी त्या कायद्याला १९७४ ची दुरुस्ती आणली. १ मार्च १९७४ पासून कुळाकडची सगळी जमीन सरकारजमा, आणि कुळानं फॉर्म नंबर ७ भरून आपला हक्क सांगायचा. निवाड्याला भू-न्यायमंडळ. त्यात असिस्टंट कमिशनर आणि सरकारनं नेमलेले चार सदस्य, त्यातला एक तरी अनुसूचित जाती-जमातीतला असलाच पाहिजे. आणि सगळ्यात भारी कलम म्हणजे वकिलाला आत मज्जाव. मालकाच्या काळ्या कोटवाल्यापुढं कुळाची वाचा बसते हे कायदा करणाऱ्याला माहीत होतं. राज्यभरातून आठ लाखांच्या वर अर्ज आले.

आज्ज्याजवळ खंडाची एक पावती नव्हती, कारण मालक पावती देतच नसे. शेजारच्या बांधावरचे दोघे साक्षीला घेऊन गेला. कामकाज कानडीत, आज्ज्याची कानडी बाजारापुरती. सदस्यांपैकी एकानं मराठीत विचारलं, "आज्जा, तुझ्या रानात पाणी कुठनं शिरतंय?" मग काय, आज्जा सुटला. वरच्या अंगाला मोरी कुठं आहे, कुठल्या वाफ्यात चिखल जास्त, बासमती कुठं उभी राहते आणि कुठं आडवी पडते, बांधावरचा फणस कुणी लावला. तेच मालकाला विचारलं तर त्याला आपल्या रानाची चतुःसीमा सांगता येईना. निकाल आमच्या बाजूनं लागला. त्या कागदाची घडी अजून वडिलांच्या ट्रंकेत आहे.

१९५७ ते १९७४, म्हणजे सतरा वर्षं. रेषेच्या पलीकडं आणि अलीकडं तोच चिखल, तीच भात लावणी, तोच खंड. आणि फरक एवढा.

पलीकडं रामराज्य होतं असं मात्र कुणी समजू नका. मालक विधवा असेल, अज्ञान असेल, फौजेत असेल तर तिथल्याही कुळाची खरेदी लांबणीवर पडत होती, आणि त्यातून पळवाटा निघाल्याच. चंदगडातल्या हेरे सरंजामाच्या, म्हणजे जुन्या जहागिरीच्या, गावांचं घोंगडं तर पुढं कित्येक दशकं भिजत पडलं. शिवाय एक गोष्ट आपल्या घरांतून कधी बोलली जात नाही. कूळकायद्यानं कुळाला जमीन दिली. जे कूळसुद्धा नव्हते, नुसते सालगडी किंवा रोजंदारीचे, त्यांना दोन्ही राज्यांत या कायद्यातून जवळजवळ काहीच मिळालं नाही. ते कोणत्या वस्तीतले होते हे प्रत्येक गावाला माहीत आहे.

हे नेमकं दिसलं होतं पुण्याच्या गोखले इन्स्टिट्यूटमधल्या वि. म. दांडेकर आणि नीलकंठ रथ यांना. १९७१ साली, 'गरिबी हटाओ'च्या त्याच वर्षी, त्यांनी भारतातल्या दारिद्र्याचा हिशोब मांडला. १९६०-६१ च्या किमतीनं खेड्यात माणशी महिना १५ रुपये आणि शहरात साडेबावीस, एवढा खर्च केला तर पोटाला जेमतेम मिळतं. तेवढंही नसलेले खेड्यात सुमारे ४० टक्के आणि शहरात सुमारे ५० टक्के. आणि पुढं ते स्पष्ट म्हणाले की वाटायला एवढी जमीनच नाही. मागेल त्याला काम द्या. डाव्यांना ते आवडलं नाही, उजव्यांनाही नाही. मला विचाराल तर तो निम्मा सल्ला बरोबर होता. जमीन सगळ्यांना पुरत नाही हे खरं, पण जमीन मिळालेलं घर आणि हुकलेलं घर यांतला फरक मी रोज बघतो.

काम देण्याचा कायदा आधी झाला तो महाराष्ट्रात. विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे यांनी १९६५ मध्ये सांगली जिल्ह्यात तासगावकडं प्रयोग केला, १९७२ च्या दुष्काळानं त्याची गरज पटवली, १९७७ ला कायदा झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून लागू झाला. पैसा आला शहरातल्या नोकरदारांच्या व्यवसाय करातून, हेही लक्षात ठेवण्यासारखं. आता नकाशा काढा आणि सांगली जिल्ह्यातलं जत आणि आमच्या बेळगाव जिल्ह्यातली अथणी बघा. एकच खडकाळ माळ, पावसाचा तोच हुलकावणीचा खेळ. जतच्या मजुराला काम मागायचा कायदेशीर हक्क होता. अथणीच्या मजुरासाठी योजना आल्या, नावं बदलली, गेल्या. पण मागितलं तर दिलंच पाहिजे असा कायदा त्याच्या वाट्याला आला तो केंद्राच्या २००५ च्या कायद्यानं. मधली पंचवीस-तीस वर्षं तो बिचारा पलीकडं ऊसतोडीला जात राहिला.

आता वारं फिरलंय. २०१३ पासून इकडं अन्नभाग्य, २०२३ पासून गृहलक्ष्मी आणि शक्ती. तिकडं लाडकी बहीण आली २०२४ ला, १५०० रुपये, आणि एसटीत अर्धं तिकीट. बेळगावहून निपाणीपर्यंत बाई फुकट जाते, पुढं कोल्हापूरला जायचं तर पर्स उघडावी लागते. आमच्यातली एक मामी तिकडं दिलेली आहे, ती चेष्टेनं म्हणते, "महिन्याला पाचशेचा फरक आहे, आम्हालाच घ्या की कर्नाटकात!" हसायला येतं, पण यात एक शहाणपण आहे. ज्याच्या घरात पैसा येतो त्याला रेष परवडते. २०२३ मध्ये महाराष्ट्र सरकारनं आपला दावा असलेल्या सीमाभागातल्या ८६५ गावांना महात्मा फुले आरोग्य योजना लागू केली तेव्हा दोन्ही सरकारांची लगेच जुंपली, की आमच्या हद्दीतल्या माणसाच्या औषधपाण्याचा खर्च तुम्ही कोण करणार. ज्याच्या घरात डायलिसिसचा पेशंट होता त्याला मोठा प्रश्न पडला असेल, नाही का, की पैसे मुंबईचे की बंगळूरचे!

बरं, फुकट कुणाला मिळालं याचा हिशोब करायचाच तर पहिल्यापासून करू. नव्या देशानं घटनेत कलम ४१ लिहिलं: काम, शिक्षण, आणि बेकारी, म्हातारपण, आजारपण यांत सरकारी मदत. पण 'आर्थिक कुवतीच्या मर्यादेत', आणि कोर्टात दाद मागायची सोय नाही. त्याच सुमाराला कामगारांच्या आजारपणासाठी १९४८ चा ईएसआय कायदा आला, म्हातारपणाच्या पुंजीसाठी १९५२ चा पीएफ कायदा आला. चांगलेच कायदे, पण कुणासाठी? गिरणी-कारखान्यात हजेरीपटावर नाव असलेल्यांसाठी. बेळगावातल्या वडगाव-खासबागचा विणकर घरात मागावर बसलेला, त्याचं नाव कुठल्या हजेरीपटावर? निपाणीत विडी वळणारी बाई, तिचं?

निपाणीच्या बायकांनी मात्र ते नाव घालून घेतलं. तिथल्या तंबाखूच्या वखारींत आणि घराघरांत विड्या वळणाऱ्या बायकांनी, त्यात यल्लम्माला सोडलेल्याही पुष्कळ होत्या, १९८० च्या आसपास संघटना बांधली, मोर्चे काढले, किमान वेतन मागितलं. १९७६ मध्ये विडी कामगार कल्याण निधीचे कायदे झालेले होते. हजार विड्यांमागं थोडा उपकर, आणि त्या पैशातून दवाखाना, पोरांना शिष्यवृत्ती, घराला मदत. म्हणजे बाईनं वळलेल्या विडीतूनच बाईच्या पोराची पुस्तकं. याला फुकट म्हणायची कुणाची छाती आहे? २०१७ ला जीएसटी आला आणि तो उपकर रद्द झाला. निधीचा स्वतःचा झरा आटला, आता बजेटात जे पडेल ते. यावर आमच्या कट्ट्यावर एक शब्द मी ऐकलेला नाही. बायकांच्या खात्यात दोन हजार पडले की मात्र सगळे अर्थतज्ज्ञ.

तिथल्या माझ्या एका लांबच्या मावशीची बोटं बघितली आहेत मी. चाळीस वर्षं सूप मांडीवर घेऊन पान कातरलं, जर्दा भरला, दोरा गुंडाळला. अंगठा काचेसारखा गुळगुळीत झालाय. रेशन दुकानातल्या मशीनवर तो उठत नाही. दुकानदार म्हणतो, "मावशी, तेल लावून पुसा." ती पदराला अंगठा घासते, परत ठेवते, लाल दिवा. मागची रांग कुरकुरते. शेवटी नातवाला शाळा बुडवून आणावं लागतं, कारण त्याचा अंगठा नवा आहे. कुणी म्हणावं हिला आळशी.

आणि म्हातारपणाची पेन्शन. देशपातळीवर ती सुरू झाली १५ ऑगस्ट १९९५ ला, महिना ७५ रुपये. २००७ पर्यंत तिचे २०० झाले. आज ६० ते ७९ वयाच्या माणसाला केंद्राचा वाटा तेवढाच आहे, २०० रुपये. राज्य आपली भर घालतं म्हणून हातात काहीतरी दिसतं. कट्ट्यावरच्या मंडळींना दर जानेवारी-जुलैला महागाई भत्ता वाढून मिळतो, आणि चार महिने उशीर झाला तर पेपरात निवेदन येतं, फोटोसकट. मिळायलाच पाहिजे, त्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. मी एवढंच विचारतोय की डाळ, गॅस आणि रक्तदाबाची गोळी ज्या दरानं तुम्हाला महागली त्याच दरानं मावशीलाही महागली, मग तिच्या दोनशेला महागाई भत्ता का नाही? पुढच्या निवेदनात ही एक ओळ घाला. सही करायला मी येतो.