काळाची विहीर आणि पाव किलो धणे

एक काल्पनिक विश्व घ्या. वाडा, परसात विहीर. नियम एकच: पोहऱ्यातून आज जे खाली सोडाल, ते त्याच विहिरीतून तीस वर्षांपूर्वी वर आलेलं असतं. 1990 मध्ये नवी सून पोहरा ओढते, तर आत गोड्या मसाल्याची वही. तिच्यावरून ती तीस वर्षं मसाला करते आणि 2020 मध्ये वही विहिरीत सोडते. तर मग धणे पाव किलो, हे ठरवलं कुणी?

लोक याला 'आजोबांचा खून' वाल्या कोड्याच्या (भूतकाळात जाऊन आजोबांनाच मारलं, तर मारणारा जन्मला कसा?) पंगतीत बसवतात. माझ्या मते तिथेच गाडी घसरते.

वहीऐवजी डबीत ठेवलेलं नाणं सोडून बघा. वर काय आलं हे पाहून खाली काय सोडायचं, याचे नियम फक्त चार होतात. काहीही येवो, छापाच सोडायचा. काहीही येवो, काटाच सोडायचा. या दोन्हींत उत्तर एकच, भानगड नाही. तिसरा नियम उलटं सोडायचा: छापा आला तर काटा, काटा आला तर छापा. इथे एकही उत्तर बसत नाही. आजोबांचं कोडं ते हे, 'हे वाक्य खोटं आहे' याचा सख्खा भाऊ. चौथा नियम जसं आलं तसं सोडायचा. इथे छापाही चालतो, काटाही चालतो. सुनेची वही या चौथ्या घरातली. तिथे विसंगती औषधालाही नाही. एकाऐवजी ढीगभर उत्तरं आहेत, आणि त्यातलं हेच का, याला कारण नाही.

आता वही जवळून बघा. तीच वही परत सोडता येणार नाही. मसाल्याच्या वहीवर तीस वर्षांत तेलाचा एक तरी डाग पडणारच. आली तेव्हा डाग 'न' असतील तर जाताना किमान 'न अधिक एक', आणि दोन्ही आकडे सारखे हवेत. जमत नाही. ('दर फेरीला डाग वाढत जातील' असं म्हणणाऱ्यांनी थांबावं. फेऱ्या नसतातच. घटना एकदाच घडते, अट एवढीच की गेलं ते आलं.) म्हणून सुनेला नव्या वहीत नक्कल उतरवावी लागते. कागद बाहेरचा, फिरतो तो फक्त मजकूर.

आणि नक्कल करणारी बाई मख्ख झेरॉक्स मशीन नसते. समजा तिची सवय अशी: वाचलेलं माप निम्मं करायचं आणि वर 125 ग्रॅम घालायचे. मग 400 चालत नाही, त्याचे 325 होतात. कोरी वहीही चालत नाही, शून्याचे 125 होतात. टिकतो एकच आकडा: 250. म्हणजे पाव किलोला जनक आहे, तिची ती सवय. उलट 'थोडं जास्तच बरं' म्हणून ती दर वेळी 10 ग्रॅम वाढवणारी असेल, तर कुठलाच आकडा बसत नाही आणि कथा तिसऱ्या नियमात जाऊन पडते. जशीच्या तशी उतरवणारी असेल तर 250, 5 किलो, कोरं पान, सगळं सारखंच चालतं. तिथे 250 निवडणारा लेखक असतो, विश्व नव्हे. कोरी वही नाकारायला कथेत एकही कारण नसेल तर ती कथा मला अर्धवट वाटते.

भौतिकशास्त्रातही हेच निघालं. जोसेफ पोल्चिन्स्की यांचं कोडं: बिलियर्डचा चेंडू कृमिविवरातून (वर्महोल, म्हणजे अवकाश-काळातला बोगदा) भूतकाळात येतो आणि स्वतःलाच असा ठोकतो, की तो विवरात जाऊच नये. 1991 मध्ये एचेव्हेरिया, क्लिंकहॅमर आणि किप थॉर्न यांनी गणित मांडलं. भीती होती उत्तर नसण्याची. सापडली उत्तरांची रेलचेल: धक्का ओझरता बसतो, चेंडू जरा वळून तरीही विवरात शिरतो, आणि त्या वळण्यामुळेच धक्का ओझरता बसतो. त्याच वर्षी डेव्हिड डॉइच यांनी क्वांटम गणितात तोडगा सुचवला: अनेक उत्तरांतलं सर्वाधिक एन्ट्रॉपीचं, म्हणजे सर्वाधिक विस्कळीत, ते घ्यायचं. तो नियम आपल्या विहिरीला लावला आणि सून हुबेहूब नक्कल करणारी निघाली, तर वहीत पाककृती नव्हे, गिचमीड येईल.

दिवाळी अंकासाठी असली कथा लिहिणाऱ्यांनी आधी एक तक्ता करावा: डावीकडे काय आलं, उजवीकडे काय गेलं. दोन्ही रकाने जुळणाऱ्या ओळी मोजाव्यात. शून्य निघाल्या तर नियम बदला. अनेक निघाल्या तर नक्कल करणाऱ्याला एखादी खोड द्या, पण ती पहिल्या दोन पानांतच दिसू द्या. शेवटी उघड केलीत तर वाचक पोहऱ्यासकट तुम्हालाच विहिरीत सोडेल.