सायकलीला फिरवून आणताना

ज्याचे कॉलेज पुण्यात झाले, आणि तेही पुणे हे सायकलींचे शहर म्हणून ओळखले जात होते त्या काळात, त्याला सायकलीविषयी कोणी काही शिकवू नये, असे माझे प्रामाणिक मत होते. बिनदिव्याच्या सायकलीवर मित्राला डबलसीट घेऊन, चौकाच्या अलीकडे त्याला उतरवून, पोलिसासमोरून सज्जनपणे पायी जाऊन पलीकडे पुन्हा बसवून घेण्याची कला ज्याने आत्मसात केली आहे, त्याला व्हिएतनाममधल्या एका सपाट खोऱ्यातली सायकलची रपेट किरकोळ वाटणे साहजिक आहे. मधल्या काळात माझ्या आणि सायकलीच्या संबंधात मोठा खंड पडला होता आणि वजन मात्र अखंड वाढत होते, या दोन बाबी त्या वेळी विचारात घेण्याइतक्या महत्त्वाच्या वाटल्या नाहीत.

माय चाऊ पत्नीने शोधून काढले. हानोयच्या नैर्ऋत्येला सुमारे १४० किलोमीटरवर, चुनखडीच्या डोंगरांनी वेढलेले हे भातशेतीचे खोरे आहे. तिने दाखवलेल्या छायाचित्रात हिरव्या शेतांमधल्या अरुंद वाटेवर, ताडाच्या पानांची निमुळती टोपी घातलेली एक तरुणी सायकलवर बसली होती आणि तिच्या कपाळावर घामाचा एकही थेंब नव्हता. ती सायकल चालत नसून उभी आहे, हे मी तत्काळ निदर्शनास आणून दिले. परंतु तोपर्यंत गावातल्या घरी राहण्याचे आरक्षण झालेले होते. ‘तिथे नुसती शांतता आहे,’ असे पत्नीने सांगितले. छायाचित्राला आवाज नसतो, हे तिच्या लक्षात आणून द्यायचे तेवढे राहून गेले.

वाटेत थुंग खे नावाचा घाट लागतो. रस्त्यासाठी फोडलेल्या डोंगराची चुनखडी उतारावर पसरल्यामुळे तो भाग दुरून बर्फासारखा पांढरा दिसतो, आणि धुके उतरले की डोंगर कुठे संपतो ते कळत नाही. घाटमाथ्यावरच्या टपऱ्यांमध्ये मक्याची उकडलेली कणसे आणि बांबूच्या पेरात शिजवलेला चिकट भात मिळतो. घाट, धुके आणि कणीस हे तिन्ही एके ठिकाणी आढळल्यामुळे पत्नीने टपरीवाल्या बाईंकडे तिखट, मीठ आणि अर्ध्या लिंबाची हातवारे करून मागणी केली. बाईंना लिंबू कळले, तिखट कळले, पण ते कणसावर चोळायचे असते हे मात्र त्यांना अखेरपर्यंत पटले नाही.

आमचा मुक्काम लाक या गावात होता. इथले रहिवासी ‘पांढरे थाई’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या जमातीचे असून त्यांची भाषा थायलंड आणि लाओसमधल्या भाषांच्या कुळातली आहे. त्यांची घरे लाकडी खांबांवर उभारलेली असतात. पूर्वी खालच्या मोकळ्या जागेत गुरे बांधत. आता तिथे हातमाग, पाहुण्यांसाठी जेवणाची टेबले आणि सायकली असतात. वरचा मजला म्हणजे एक मोठी खोली आणि तिची जमीन फोडलेल्या बांबूच्या पट्ट्यांची. त्या पट्ट्यांमधून खालून वारा येतो, उजेड येतो आणि पुढे समजले त्याप्रमाणे इतरही बरेच काही येते.

यजमानांनी चहा पुढे केला आणि पहिला प्रश्न विचारला तो माझ्या वयाचा. यात उद्धटपणा काही नाही. समोरचा आपल्याहून थोरला की धाकटा हे समजल्याखेरीज व्हिएतनामी माणसाला त्याला काय म्हणून हाक मारावी हेच ठरवता येत नाही. मी बोटांवर मोजून वय सांगितले. यजमानांनी आदराने मान लववली, माझ्यासाठी काढून ठेवलेली गिअरची सायकल परत आत नेली आणि तिच्या जागी पुढे टोपली असलेली एक पोक्त सायकल आणून उभी केली. पत्नीने स्वतःचे वय सांगण्याचे टाळले आणि गिअरची सायकल पटकावली.

रात्रीची व्यवस्था अशी, की त्या खोलीत ओळीने पातळ गाद्या, प्रत्येक गादीवर मच्छरदाणी आणि दोन कुटुंबांच्या मध्ये एक पडदा. आमच्या पलीकडे हानोयहून आलेले महाविद्यालयीन विद्यार्थी होते. बांबूच्या जमिनीचा गुण असा, की एका टोकाला कोणी कूस बदलली की दुसऱ्या टोकाच्या माणसाला ते सविस्तर कळते. मध्यरात्री ज्याला उठावे लागते, त्याने मच्छरदाणी गादीखालून सोडवायची, पडदा बाजूला करायचा, एकही पट्टी न करकरता शिडीपर्यंत पोहोचायचे, पाठमोरे होऊन शिडी उतरायची आणि पायथ्याशी पडलेल्या ढीगभर प्लास्टिकच्या चपलांमधून दोन चपला शोधायच्या. त्या जोडीतल्या असाव्यात ही अपेक्षा मी लवकरच सोडली. परतताना हा सर्व क्रम उलट करायचा असतो आणि शेवटी ज्या मच्छरदाणीत शिरायचे ती आपलीच आहे याची खात्री करून घ्यायची असते. रात्रीच्या जेवणात मी पाण्याला का हात लावत नाही, असे यजमानीण बाईंनी पुढे काळजीने विचारले, त्याचे कारण हे होते.

पहाटेपूर्वीच खालून कोंबडा आरवला. गावाकडचा कोंबडा दूर कुठेतरी आरवतो असा माझा समज होता. हा बरोबर माझ्या पाठीच्या मणक्याखाली, बांबूच्या पट्ट्यांना चोच लावून ओरडत असावा. त्याला पलीकडच्या घराखालून उत्तर आले आणि त्यावर सर्व खोऱ्याने आपापले मत नोंदवले. हा परिसंवाद आटोपतो न आटोपतो तोच विजेच्या खांबावरचा भोंगा सुरू झाला. व्हिएतनाममधल्या गावागावांत अशी सरकारी ध्वनिक्षेपणाची सोय आहे. तिच्यावरून संगीत, बातम्या आणि स्थानिक सूचना ऐकवतात. सूचनांमधले अक्षरही मला समजले नाही, तरी त्या पूर्ण ऐकून घेण्यावाचून गत्यंतर नव्हते. आदल्या रात्री शेजारच्या अंगणात कराओकेचा कार्यक्रम झाला होता, तो मी या हिशेबात धरलेला नाही.

सकाळी सायकल हाती आली. सीट माझ्या उंचीला फारच खाली होती. पायडल मारताना गुडघे हँडलला लागत आणि हँडल वळवताना गुडघ्यांची परवानगी घ्यावी लागे. यजमानांनी पाना आणून सीट वर केली. आता गुडघे सुटले, पण थांबल्यावर पाय जमिनीला टेकेनात, त्यामुळे थांबण्यासाठी झाड, खांब किंवा पत्नी यांपैकी काहीतरी जवळ असणे आवश्यक झाले. शिवाय व्हिएतनाममध्ये वाहने रस्त्याच्या उजव्या बाजूने चालतात. सरळ रस्त्यावर हे पाळता येते. परंतु वळण आले की पुण्यात तयार झालेले शरीर माझा सल्ला न घेता डावीकडे जाई आणि समोरून एखादी मोटारसायकल, तिच्यावर दोन माणसे, तीन पोती आणि पिंजऱ्यातली बदके अशा पूर्ण लवाजम्यानिशी येई. चालवणारा मला किंचितही न रागावता वळसा घालून जात असे. त्याने रागवावे, असे वाटण्याइतका मी पुणेकर आहे.

शेतांमधल्या सिमेंटच्या वाटा मात्र खरोखर देखण्या आहेत. दोन्ही बाजूंना भात, मधूनमधून शेतातच बांधलेली पूर्वजांची थडगी, पलीकडे डोंगरांच्या पायथ्याशी गवती आणि कौलारू छपरे. हे सर्व पाहण्यासाठी मान वळवावी लागते, मान वळली की हँडल वळते, आणि वाटेची रुंदी जेमतेम मीटरभर असल्याने देखावा आणि चिखल यांतले अंतर फारसे उरत नाही. त्यातच शाळेतली मुले सायकलींवरून मागून येत, ‘हॅलो’ म्हणून ओरडत आणि उत्तर मिळेपर्यंत पिच्छा सोडत नसत. नुसत्या शब्दावर त्यांचे समाधान होत नसे, हातही हलवावा लागे. एका हाताने सायकल चालवण्याची जी विद्या मी लक्ष्मी रस्त्यावर मिळवली होती, ती इथे मागवून पाहिली. ती आली नाही. पुढे एका वळणावर एक म्हैस वाट अडवून, भाताच्या विरुद्ध दिशेला तोंड करून उभी होती. मी घंटी वाजवली. तिने घंटीकडे पाहिले, माझ्याकडे पाहण्याची गरज तिला वाटली नाही. आठ-दहा वर्षांच्या एका मुलाने येऊन तिला पाठीवर थाप मारली तेव्हा ती हलली, आणि मग त्याने माझ्याही पाठीवर थाप मारली.

यानंतर चढ आला. खोरे सपाट आहे ही माहिती खोऱ्याच्या मध्यापुरती खरी आहे. गावे मात्र डोंगराच्या कडेला आहेत. चढाच्या मध्यावर मी उतरलो आणि सायकल ढकलू लागलो. पत्नी वर जाऊन माझी वाट पाहत होती. तिच्या चेहऱ्यावरचा भाव पाहून मी तिला दिएन बिएन फूच्या लढाईची माहिती सांगितली. १९५४ साली या देशाने फ्रेंच सैन्याला वेढा घालून शरण आणले, तेव्हा डोंगरातल्या फौजेला तांदूळ आणि दारूगोळा पोहोचवण्याच्या कामी हजारो सायकलींचा मोठा वाटा होता. हँडलला आडवा बांबू बांधून ते लांब करायचे, सीटच्या मागे उभा बांबू रोवायचा, फ्रेमच्या दोन्ही अंगांना पोती लटकवायची आणि एकेका सायकलवरून दोनशे-तीनशे किलो ओझे घाट चढून न्यायचे. त्यांतल्या कित्येक सायकली फ्रेंच बनावटीच्याच होत्या, ही गंमत वेगळीच. मुद्दा असा, की त्या शूर माणसांपैकी कोणीही सायकलवर बसलेले नव्हते. सर्वांनी ती ढकलतच नेली. तेव्हा व्हिएतनाममध्ये चढावर सायकल ढकलणे हा कमीपणा नसून या भूमीच्या इतिहासाविषयी व्यक्त केलेला आदर होय.

‘त्यांच्या सायकलीवर तांदूळ होता,’ पत्नी म्हणाली. ‘तुमच्या सायकलीच्या टोपलीत माझी ओढणी आहे.’

उरलेल्या मुक्कामात मी हा आदर चढावर, सपाटीवर आणि सीटची आठवण तीव्र झाल्यावर उतारावरही व्यक्त केला. सीटविषयी अधिक लिहिणे सभ्यतेला धरून होणार नाही. एवढेच सांगतो, की जेवणाच्या वेळी सर्वांसाठी लाकडी बाके मांडलेली असत आणि मी उभ्याने जेवत असे.

जेवणाची भीती मात्र निष्कारण ठरली. मीठ घातलेली मासळी मुरवून केलेले पाणी व्हिएतनामी स्वयंपाकात सर्वत्र पडते. ते नको, हे आम्ही मासा काढून आणि त्यावर फुली मारून समजावले. यजमानीण बाईंनी आमच्यापुढे लसूण घालून परतलेली नाळीची भाजी, टोमॅटोतले टोफू, वाफवलेला चिकट भात आणि एका वाटीत शेंगदाणे, तीळ व मीठ यांचे कूट ठेवले. दाण्याचे कूट पाहताच पत्नीचा या राष्ट्राविषयीचा आदर एकदम वाढला आणि पिशवीत आणलेले मेतकूट तिने त्यांना भेट दिले. बाईंनी वास घेऊन ते औषध म्हणून जपून ठेवले असावे.

जेवणानंतर विद्यार्थ्यांनी भाताच्या दारूचे मडके मधोमध आणले. तुसासकट आंबवलेल्या तांदळाने भरलेल्या या मडक्यात वेळूच्या लांब नळ्या खोचलेल्या असतात, सर्वांनी भोवती बसून एकाच वेळी ओढायचे असते, आणि पातळी उतरली की वरून पाणी ओतून मडके पुन्हा भरतात. ‘संपली’ असे म्हणून उठण्याची जी सभ्य सोय इतरत्र असते, ती इथे मुळातच नाही. मी बसू शकत नसल्यामुळे मला वाकून प्यावे लागले आणि सर्वांत वयस्कर पाहुणा इतका लवून मडक्याला मान देतो आहे, हे पाहून विद्यार्थी भारावून गेले. त्यांनी माझ्यासाठी मडके पुन्हा भरले.

निघताना हिशेब झाला. व्हिएतनामी डाँगमध्ये दोघांचे साधे जेवणही लाखाच्या घरात जाते, आणि वीस हजारांची व पाच लाखांची अशा दोन्ही नोटा निळ्या असून दोन्हींवर हो ची मिन्ह यांचेच चित्र असल्यामुळे आम्ही एकेक नोट उजेडात धरून देत होतो. यजमानांनी गणकयंत्रावर राहण्याचे आकडे मांडले, जेवणाचे मांडले, पत्नीच्या सायकलीचे भाडे मिळवले. मग ते थांबले. त्यांनी अंगणातल्या माझ्या सायकलीकडे पाहिले, दोन बोटे चालवून माणूस चालत असल्याची खूण केली, दोन्ही हातांनी हँडल ढकलल्याचा अभिनय केला आणि तिचे भाडे निम्मे करून आकडा माझ्यापुढे धरला.

मला संकोच वाटला. पूर्ण भाडे घ्यावे म्हणून मी पाकिटातून आणखी नोटा काढू लागलो, तेव्हा पत्नीने माझा हात धरला.

‘अहो, राहू द्या,’ ती म्हणाली. ‘सायकलीला फिरवून आणल्याबद्दल ते उलट आपल्याला काही देऊ करतात का, ते आधी पाहू.’